सरकारी वकील आणि लोक अभियोजक

मराठी मुलखात ज्याला ‘सरकारी वकील’ म्हणतात, त्यालाच मध्य प्रदेशात ‘लोक अभियोजक’ असे नाव आहे. १९९४ साली नोकरीनिमित्त खानदेशातून खमरियास आलो, तेव्हा या दोन शब्दांतील अंतर माझ्या ध्यानात आले नव्हते. आपल्याकडील कायद्याच्या पुस्तकांत ‘सरकारी अभियोक्ता’ असाही एक भारदस्त शब्द आहे, पण तो पुस्तकातच राहिला. लोकांच्या तोंडी ‘सरकारी वकील’च. आता या गावी तीस वर्षे काढल्यावर वाटते की, एकाच माणसाला एका भाषेने सरकारचा म्हणावे आणि दुसरीने लोकांचा, हा केवळ भाषांतराचा प्रश्न नव्हे. तो माणूस नेमका कोणाचा, हा जुना वाद आहे, आणि त्याचा एक धागा आपण राहतो त्या जबलपुरातूनच निघतो.

मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेत एखाद्या सरकारी वकिलाचे चरित्र लिहावे, असे ठरले तेव्हा माझ्यासमोर साहजिकच माझ्या जिल्ह्यातील माणूस आला : जळगावचे अ‍ॅडव्होकेट उज्ज्वल निकम. माझा त्यांचा परिचय नाही. त्यांना न्यायालयात उभे राहिलेले मी कधी पाहिलेले नाही. त्यांच्याविषयी जे वृत्तपत्रांतून आणि निकालपत्रांतून सर्वांसमोर आले आहे, तेच मी येथे मांडणार आहे. पण त्याआधी वाचकांना थोडे मागे, आपल्याच शहरात न्यावयाचे आहे.

१८१८ पर्यंत जबलपूरवर नागपूरकर भोसल्यांचा अंमल होता. तो जाऊन कंपनी सरकार आले आणि दहा वर्षांनी, १८२८ मध्ये, विल्यम स्लीमन नावाचा अधिकारी या जिल्ह्याचा मॅजिस्ट्रेट झाला. कटनीच्या वाटेवरचे स्लीमनाबाद आजही त्याचे नाव सांगते. ठगांचा बीमोड करणारा म्हणून त्याची कीर्ती झाली. त्याची रीत अशी की, पकडलेल्या ठगांपैकी काहींना जीवदान देऊन माफीचे साक्षीदार करावयाचे, त्यांना एकमेकांपासून निरनिराळे ठेवावयाचे आणि त्यांचे जबाब परस्परांशी ताडून पाहून बाकीच्यांना गुंतवावयाचे. फिरंगिया नावाचा प्रसिद्ध ठग असाच माफीचा साक्षीदार झाला. या साक्षीदारांना सोडून मात्र दिले नाही. त्यांना जबलपुरातच जन्मभर ठेवले आणि त्यांच्यासाठी उद्योगशाळा काढली; तेथे तंबू आणि सतरंज्या विणल्या जात.

या खटल्यांत आरोपीच्या बाजूने वकील नसे, आणि आज आपण ज्याला सरकारी वकील म्हणतो तसाही कोणी नसे. जो तपास करी तोच कागद तयार करी, आणि त्या कागदांवर वरचा अधिकारी निवाडा देई. १८३६ च्या तिसाव्या कायद्याने तर ठगांच्या टोळीत असणे एवढाच गुन्हा जन्मठेपेस पुरेसा ठरविला. अमुक खून अमक्याने केला, हे सिद्ध करण्याचीही गरज उरली नाही. रस्ते निर्धोक झाले, हे खरे. प्रवाशांनी दुवा दिला असेल, हेही खरे. परंतु त्या कागदांच्या ढिगात निरपराध किती अडकले, हे सांगणारा कोणी न्यायालयात उभा नव्हता.

पुढे १८६१ मध्ये फौजदारी कामकाजाची पहिली संहिता झाली, १८९८ ची दीर्घकाळ चालली, आणि स्वातंत्र्यानंतर १९७३ ची संहिता १ एप्रिल १९७४ पासून अमलात आली. तिच्या चोविसाव्या कलमात सरकारी वकिलाची नेमणूक कशी व्हावी हे सांगितले आहे. दोनशे पंचविसावे कलम म्हणते की, सत्र न्यायालयातील प्रत्येक खटला सरकारी वकिलानेच चालवावा. विशिष्ट खटल्यासाठी विशेष सरकारी वकील नेमावयाचा तर त्याची वकिली किमान दहा वर्षांची हवी. खटला मागे घेण्याचा अधिकारही त्याच्याच हाती, अर्थात न्यायालयाच्या संमतीने. १ जुलै २०२४ पासून त्या संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिच्यात कलमांचे आकडे बदलले, पण सरकारी वकिलाचे स्थान मोठेसे बदलले नाही. ही कलमे मी मुद्दाम दिली, कारण आपल्यापैकी पुष्कळांची समजूत अशी असते की सरकारी वकील म्हणजे पोलिसांचा वकील. तसे नाही. पोलीस तपास करतात आणि तेथे त्यांचे काम संपते. वकिलाने तो तपास न्यायालयापुढे मांडावयाचा असतो, त्यातील आरोपीच्या हिताचा भागही न लपवता. शिक्षा झालीच पाहिजे, असा त्याचा हट्ट असता कामा नये.

निकमांचा जन्म ३० मार्च १९५३ रोजी जळगावी झाला. वडील देवराव निकम न्यायाधीश होते, म्हणजे घरात कायद्याची पुस्तके लहानपणापासून. विज्ञानाची पदवी घेऊन ते कायद्याकडे वळले आणि कायद्याचे शिक्षणही त्यांनी जळगावीच घेतले. मुंबई-पुण्याच्या नामांकित महाविद्यालयाचा शिक्का त्यांच्यावर नाही, ही गोष्ट आम्हा खानदेशी मंडळींना आवडते, हे कबूल करतो. जळगावच्या जिल्हा न्यायालयात त्यांनी सरकारी वकिली केली. जिल्ह्याचा सरकारी वकील म्हणजे काय, हे ज्याने जिल्ह्याच्या गावचे न्यायालय पाहिले आहे त्यास सांगावयास नको. बांधावरून झालेली मारामारी, विहिरीत सापडलेली सून, यात्रेत झालेला चाकूहल्ला, आणि उलटतपासात फिरलेले साक्षीदार. या कामात कीर्ती नसते, परंतु साक्षीदाराचा चेहरा वाचावयास येथेच शिकतात.

१९९१ च्या कल्याण रेल्वे स्थानकावरील बाँबस्फोटाच्या खटल्याने त्यांचे नाव जिल्ह्याबाहेर गेले. नंतर आला १२ मार्च १९९३ चा शुक्रवार. त्या दुपारी दीडच्या सुमारास मुंबईच्या शेअर बाजारात पहिला स्फोट झाला आणि पुढच्या दोन तासांत शहरात ठिकठिकाणी स्फोट होत गेले. २५७ माणसे मेली, सातशेहून अधिक जखमी झाली. मी तेव्हा बी. ए. होऊन घरी बसलो होतो. आमच्या गल्लीतील एकाचा भाऊ मुंबईस होता. तो सुखरूप असल्याचे समजेपर्यंत दोन दिवस गल्लीत कोणाच्या घरी धड स्वयंपाक झाला नाही. पुढे दारूगोळ्याच्या कारखान्यात नोकरीस लागलो. माझे काम कागदांचे, तरीही स्फोटक पदार्थाचा हिशोब किती काटेकोर ठेवावा लागतो, हे रोज पाहिले. रायगडच्या किनाऱ्यावर दिघी आणि शेखाडी येथे आर.डी.एक्स. उतरविले गेले आणि वाटेत सरकारी नोकरांनी डोळे मिटून घेतले, हे त्या खटल्यात उघड झाले, तेव्हा एक सरकारी नोकर म्हणून मला इतरांपेक्षा अधिक लाज वाटली. शिक्षा झालेल्यांत पोलीस आणि कस्टमची माणसे होती.

या खटल्यासाठी निकमांची विशेष सरकारी वकील म्हणून नेमणूक झाली. आर्थर रोड तुरुंगातच टाडाचे विशेष न्यायालय उभारले गेले. प्रथम न्यायमूर्ती जे. एन. पटेल आणि १९९६ पासून न्यायमूर्ती प्र. द. कोदे यांच्यापुढे काम चालले. साडेसहाशेहून अधिक साक्षीदार तपासले गेले. निकाल १२ सप्टेंबर २००६ रोजी सुरू झाला तो ३१ जुलै २००७ पर्यंत टप्प्याटप्प्याने चालू राहिला. एकशे तेवीस आरोपींपैकी शंभर दोषी ठरले आणि तेवीस सुटले. चाळिशीत तुरुंगातल्या त्या न्यायालयाचा उंबरठा ओलांडलेला वकील चौपन्नाव्या वर्षी मोकळा झाला. आपल्या मुलांच्या दहावी-बारावीच्या हिशोबाने ही वर्षे मोजून पाहावीत, म्हणजे तो काळ कळेल.

याच खटल्याची दुसरी बाजू सांगणे अवश्य आहे. टाडा कायद्याच्या पंधराव्या कलमाने पोलीस अधिकाऱ्यासमोर दिलेला कबुलीजबाब पुरावा म्हणून चालत असे. आपल्या साधारण कायद्यात तो चालत नाही. या खटल्यात अशा जबाबांवर बराच भार होता. कायदा स्वतः मे १९९५ मध्ये संपुष्टात आला, कारण त्याचा गैरवापर फार होतो, अशी ओरड देशभर झाली होती. आधी दाखल झालेले खटले मात्र चालू राहिले. १८३६ च्या कायद्याची मला येथे आठवण होते. भय मोठे असले की राज्यकर्ते पुराव्याची पायरी खाली आणतात, मग राज्य कंपनीचे असो वा आपले. २१ मार्च २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने फाशीच्या शिक्षांपैकी याकूब मेमन याची कायम केली आणि इतर दहांची जन्मठेपेत बदलली. ३० जुलै २०१५ रोजी त्याला नागपूरच्या तुरुंगात फाशी झाली.

मधल्या काळात त्यांनी चालविलेल्या खटल्यांची यादी मोठी आहे, ती सारी देत नाही. गुलशनकुमार यांच्या खुनाच्या खटल्यात २००२ मध्ये एकच आरोपी दोषी ठरला, बाकीचे सुटले. प्रमोद महाजन यांच्या खुनाबद्दल त्यांचे बंधू प्रवीण यांना डिसेंबर २००७ मध्ये जन्मठेप झाली. मला थांबावेसे वाटते ते खैरलांजीपाशी. भंडारा जिल्ह्यातील या खेड्यात २९ सप्टेंबर २००६ रोजी भोतमांगे या दलित कुटुंबातील आई, मुलगी आणि दोन मुलगे जमावाने ठार केले. वडील भैयालाल तेवढे वाचले. निकमांनी हा खटला चालविला आणि सप्टेंबर २००८ मध्ये आठ जण दोषी ठरले, पैकी सहांना फाशी सुनावली गेली. शिक्षेच्या दृष्टीने हा विजयच होता. परंतु अत्याचार प्रतिबंधक कायद्याखालील आरोप सिद्ध झाले नाहीत. हत्येमागे जातीचे कारण होते, हे न्यायालयाने मानले नाही. ज्यांच्यासाठी खटला लढला गेला, त्या समाजास हा निकाल अर्धाच वाटला, आणि त्यांचे दुःख मला रास्त वाटते. २०१० मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने फाशीच्या शिक्षा पंचवीस वर्षांच्या कारावासात बदलल्या.

२६ नोव्हेंबर २००८ च्या रात्रीविषयी वाचकांना नव्याने काय सांगावे? १६६ जणांचा बळी गेला, आणि तुकाराम ओंबळे यांनी आपल्या छातीवर गोळ्या झेलल्या म्हणून अजमल कसाब जिवंत हाती लागला. असा आरोपी जिवंत हाती लागणे ही सरकारी वकिलास सोपी गोष्ट वाटेल. वस्तुतः ती अवघड होती. सारा देश म्हणत होता की खटला कशाला हवा. कसाबचे वकीलपत्र घेण्यास कोणी धजावेना. न्यायालयाने एका वकीलबाईंची नेमणूक केली, तर त्यांच्या घरावर निदर्शने झाली. अशा हवेत विशेष न्यायाधीश एम. एल. तहलियानी यांच्यापुढे १७ एप्रिल २००९ रोजी खटला उभा राहिला. आरोपपत्र अकरा हजारांहून अधिक पृष्ठांचे, आरोप शहाऐंशी.

या खटल्यातील निकमांचे काम मी शक्य तितक्या बारकाईने वाचले आहे, आणि त्यांच्या कारकिर्दीतील हाच भाग मला सर्वांत मोलाचा वाटतो. पुराव्याची साखळी त्यांनी कडीकडीने जोडली : ‘कुबेर’ बोटीवर मिळालेल्या वस्तू, जीपीएस यंत्रातील समुद्रमार्गाच्या नोंदी, हल्लेखोर आणि त्यांचे पाकिस्तानातील सूत्रधार यांची ध्वनिमुद्रित संभाषणे, छत्रपती शिवाजी टर्मिनसवर वृत्तपत्रांच्या छायाचित्रकारांनी जिवावर उदार होऊन घेतलेली छायाचित्रे. पायाला गोळी लागलेली दहा वर्षांची मुलगी कुबड्या घेऊन साक्षीस आली आणि तिने भर न्यायालयात कसाबला ओळखले. २० जुलै २००९ रोजी कसाबने अचानक गुन्हा कबूल केला. दुसरा एखादा वकील म्हणाला असता, सुटलो. निकमांनी ती कबुली अर्धवट असल्याचे सांगितले आणि खटला पुढे चालावा, असा आग्रह धरला. न्यायाधीशांनीही जबाब नोंदवून घेऊन काम चालू ठेवले. डिसेंबरात कसाबने कबुली फिरविली. तोपर्यंत स्वतंत्र पुरावा इतका जमला होता की त्या फिरण्याने काही बिघडले नाही. ३ मे २०१० रोजी तो दोषी ठरला, ६ मे रोजी फाशीची शिक्षा झाली, पुढे २०११ मध्ये उच्च न्यायालयाने आणि २९ ऑगस्ट २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली, आणि २१ नोव्हेंबर २०१२ रोजी येरवड्यास तिची अंमलबजावणी झाली.

त्याच निकालात दोन भारतीय आरोपी, फहीम अन्सारी आणि सबाउद्दीन अहमद, निर्दोष सुटले. हल्ल्याच्या जागांचा हाताने काढलेला नकाशा मृत हल्लेखोराच्या खिशात सापडला, असे फिर्यादी पक्षाचे म्हणणे होते. रक्ताने माखलेल्या कपड्यांतील तो कागद इतका स्वच्छ कसा, असा प्रश्न न्यायाधीशांनी केला, आणि वरच्या न्यायालयांनीही ही सुटका मान्य केली. निकमांच्या चाहत्यांना हा उल्लेख रुचणार नाही. पण त्या दिवसांच्या क्षोभात एका न्यायाधीशाने एका कागदाची घडी निरखून पाहिली, याचा मला कसाबच्या शिक्षेइतकाच अभिमान वाटतो.

आता बिर्याणीची गोष्ट. खटला चालू असता वर्तमानपत्रांत आले की, कसाबने तुरुंगात मटण बिर्याणी मागितली. ती बातमी निकमांच्या सांगण्यावरून पसरली. पुढे कित्येक वर्षे ‘कसाबला बिर्याणी’ हा राजकीय सभांतला ठरलेला वाक्प्रचार झाला. आमच्या कँटीनमध्येही तो मी शेकडो वेळा ऐकला आहे. मार्च २०१५ मध्ये जयपूरच्या एका परिषदेत निकमांनी स्वतःच सांगितले की, कसाबने बिर्याणी मागितली नव्हती आणि त्याला ती दिलीही नव्हती; त्याच्याविषयी सहानुभूतीची लाट येऊ लागली होती, ती मोडण्यासाठी आपण ते रचले. ही कबुली त्यांनी आपण होऊन दिली, एवढे त्यांच्या पदरी घातलेच पाहिजे. परंतु ज्या खटल्यात अकरा हजार पानांचा अस्सल पुरावा होता, त्यात एक खोटी गोष्ट बाहेर सोडण्याची गरज का वाटावी? न्यायालयात नव्हे, दारात पत्रकारांशी बोलताना ती सांगितली, असे समर्थन करता येईल. मला ते पटत नाही.

पटत नाही याला थोडे खाजगी कारण आहे. पुष्कळ वर्षांपूर्वी, दुसऱ्या एका ठिकाणी, मी रात्रीचा ड्यूटी ऑफिसर असताना भांडारातून माल चोरीस गेला. बॅटरीच्या उजेडात भिंतीवरून उतरणारा एक माणूस मी पाठमोरा पाहिला होता. खटला उभा राहिला. चार वेळा तारखेस गेलो आणि चार वेळा परत आलो. पाचव्या वेळी, माझी साक्ष सुरू होण्यापूर्वी दहा मिनिटे, व्हरांड्यात उभ्या उभ्या कागद चाळीत सरकारी वकील मला म्हणाले, “साहेब, चेहरा पाहिला एवढे म्हणा, बाकीचे माझ्याकडे लागले.” मी म्हणालो, “पाहिला नाही.” ते म्हणाले, “मग आलात कशाला?” साक्ष पाच मिनिटांत आटोपली, आरोपी सुटला. कचेरीत दोन महिने मला ‘हरिश्चंद्र’ म्हणत. चोरी त्यानेच केली होती असे मला तेव्हाही वाटे आणि आजही वाटते. तरी पाठीवरून चेहरा सांगणे मला जमले नसते. त्या वकिलांवर माझा राग नाही. त्यांच्या हाती त्या दिवशी तशा किती फायली होत्या, ते मी पाहिले होते. लोकांचे वकील ते होऊ पाहत असतीलही, त्यांना सवड कोणी दिली होती?

२०१६ मध्ये निकमांना पद्मश्री मिळाली. त्याच वर्षी, ८ फेब्रुवारीस, एक प्रसंग घडला, तो जबलपूरकरांनी ध्यानात ठेवण्यासारखा आहे. अमेरिकेत शिक्षा भोगणारा डेव्हिड हेडली याला मुंबईच्या न्यायालयाने माफीचा साक्षीदार केले होते. मुंबईवरील हल्ल्यापूर्वी याने शहराची पाहणी केली होती. त्या दिवशी तो दूरचित्रसंवादाने अमेरिकेतून साक्ष देऊ लागला आणि निकम मुंबईत उभे राहून त्याला प्रश्न विचारू लागले. माफी देऊन मोठ्या कटाची उकल करावयाची, ही स्लीमनचीच युक्ती. फरक एवढा की, येथे आरोपीच्या वकिलाला हेडलीची उलटतपासणी घेता आली, आणि ती त्याने घेतली. फिरंगियाला जबलपुरात असे प्रश्न विचारणारा कोणी मिळाला नव्हता.

त्यानंतर कोपर्डीच्या खटल्यात नोव्हेंबर २०१७ मध्ये तिघांना फाशी सुनावली गेली. २०२४ मध्ये निकमांनी उत्तर मध्य मुंबईतून लोकसभेची निवडणूक लढविली, तीत वर्षा गायकवाड यांच्याकडून ते पराभूत झाले, आणि जुलै २०२५ मध्ये राष्ट्रपतींनी त्यांची राज्यसभेवर नियुक्ती केली. सरकारी वकिलाने पक्षाच्या तिकिटावर उभे राहावे की नाही, यावर आमच्या घरीच दोन मते आहेत. सौभाग्यवतींचे म्हणणे, निवृत्तीच्या वयात माणसाने हवे ते करावे. माझे म्हणणे, ज्याने बॉम्बस्फोटाच्या आरोपींविरुद्ध आणि खैरलांजीच्या आरोपींविरुद्ध सारख्याच आवाजात युक्तिवाद केला, त्याच्या आवाजाला कोणत्याही पक्षाचा रंग न लागता तर बरे झाले असते. वाद मिटलेला नाही.

शेवटी वाचकांस एक विनंती. १ नोव्हेंबर १९५६ पासून मध्य प्रदेशाचे उच्च न्यायालय जबलपुरात आहे, आणि त्याहीपूर्वीपासून येथील न्यायालयांत मराठी माणसे वकिली करीत आली. त्यांपैकी कोणी सरकारी वकील होते का, कोणते खटले त्यांनी चालविले, याची माहिती अद्याप कोणी एकत्र केलेली नाही. आपल्या घरी आजोबा-पणजोबांची सनद, गाऊनमधील छायाचित्र, खटल्यांची टिपणे वा पत्रव्यवहार जुन्या पेटीत पडून असेल, तर तो मंडळाच्या ग्रंथालयात पाहण्यासाठी द्यावा. प्रती काढून मूळ कागद आठ दिवसांत घरपोच परत करण्याची जबाबदारी प्रस्तुत लेखकाची.